अपील चालू होतं आणि पाय बरा होत होता

मी आता चालते. हे आधीच सांगून टाकते, कारण ज्यांच्या घरात आत्ता कुणीतरी पाय टांगून पडलं आहे, त्यांना सगळ्यात आधी तेवढंच ऐकायचं असतं. मलाही तेवढंच ऐकायचं होतं आणि कुणी सांगत नव्हतं. जो तो म्हणायचा, "बघू." उजवा पाय थोडा ओढते, जिना उतरताना कठडा धरते, मांडी घालून बसता येत नाही. पण चालते.

आणखी एक गोष्ट मला कुणी सांगितली नव्हती. अपघातातून उठायचं आणि अपघाताची भरपाई मागायची, ही दोन्ही कामं एकाच वेळी करावी लागतात, आणि ती एकमेकांच्या आड येतात. हे लिहायला बसले आहे ते मुख्यतः त्यासाठी.

टँकर

नव्वदचं दशक संपत आलं होतं. माझा नवरा अविनाश केंद्र सरकारच्या नोकरीत. दिल्लीच्या लक्ष्मीबाई नगरात आमचं सरकारी क्वार्टर होतं आणि आमची मुलगी मिताली नुकती पहिलीत गेली होती. मी मूळची सांगलीची, सिव्हिल इंजिनिअर, गुडगावच्या एका बांधकाम कंपनीत साइटवर काम करायचे. तेव्हा गुडगावात अजून मोहरीची शेतं होती आणि त्या शेतांच्या मधेच काचेचे टॉवर उठत होते. परदेशी कंपन्यांना ऑफिसं हवी होती आणि सगळ्यांनाच घाई होती. मलाही होती. मला ती घाई आवडायची.

स्लॅब पडायच्या आधी बांबूच्या परांचीवरून वर जाऊन सळया आणि शटरिंग तपासायचं, हे माझं काम. मी वरून "चलो, डालो" म्हटल्याशिवाय खाली मिक्सर फिरत नसे. सुरुवातीला मजूर माझ्याकडे बघत राहायचे. पुढे त्यांना सवय झाली, आणि मला उंचीची.

त्या सकाळी चार्टर्ड बसमधून वळणावर उतरले आणि साइटच्या गेटकडे निघाले. रस्त्याला फुटपाथ नव्हता. म्हणजे आमच्या ब्रोशरमधल्या चित्रात होता, झाडांसकट. समोरून उलट्या बाजूनं पाण्याचा टँकर आला. तिथं पाणी टँकरनंच यायचं आणि ड्रायव्हरला फेऱ्यांवर पैसे मिळायचे, त्यामुळे ते सगळेच तसे पळवायचे. मी बाजूला झाले, पण बाजूला वाळूचा ढीग होता. पाय घसरला आणि पुढचं चाक उजव्या पायावरून गेलं.

दुखलं नाही. हे सगळ्यांना खोटं वाटतं. टँकरमधून गळणारं पाणी माझ्या केसांत जात होतं आणि मला एवढंच वाटत होतं, की आज स्लॅब आहे, मला उशीर होतोय.

"काम की क्या जल्दी है?"

पहिलं ऑपरेशन गुंगीतच गेलं. खरा दिवस उजाडला तो नंतर, मोठे डॉक्टर एक्स-रे घेऊन आले तेव्हा. त्यांनी तो खिडकीसमोर धरला आणि अविनाशशी बोलायला लागले. मी दोघांच्या मधे पलंगावर होते.

"पैर बच गया," ते म्हणाले. "घुटना पहले जैसा नहीं होगा।"

मी विचारलं, "सीढ़ी चढ़ पाऊँगी?"

"घर में सीढ़ियाँ हैं?"

"घर में नहीं. काम पर."

त्यांनी पुन्हा अविनाशकडे पाहिलं. "अभी काम की क्या जल्दी है?"

माणूस वाईट नव्हता. त्यानंच माझा पाय वाचवला. पण त्या वाक्यानं मी जी अस्वस्थ झाले ती कित्येक वर्षं तशीच राहिले. पाय वजनाला टांगलेला, पाठ गादीला चिकटलेली, कूस बदलायची सोय नाही, आणि डोकं मात्र सारखं पळतंय. आता कुठला मजला चालू असेल? माझ्या जागी कोण चढत असेल? छताच्या पंख्याची पाती मी इतकी बघितली, की शेवटी अविनाशला म्हटलं, "तो पंखा काढायला सांग, नाहीतर मला इथून काढ."

सकाळी फिनेलची बादली, मग थर्मामीटर, मग राउंड, मग लांबलचक दुपार. बेडपॅन मागायची लाज पहिल्या आठवड्यातच संपते, त्याची काळजी करू नका. लाज वाटते ती वेगळीच. मिताली भेटायला आली की दारातच थांबायची. माझा पाय असा टांगलेला बघून तिला आत यायची भीती वाटायची, आणि मला उठून तिच्याकडे जाता येत नव्हतं.

शेजारच्या पलंगावर बिमला नावाची बाई होती. घरातल्या मोरीत पडून खुब्याचं हाड मोडलेली. "मैं पानिपत की हूँ," ती म्हणाली आणि अपघातानंतर मी पहिल्यांदा हसले. हसणं थांबेना. मग तिला सांगावं लागलं, की आमच्या मराठीत एखाद्याची पार धूळधाण झाली, की म्हणतात त्याचं पानिपत झालं.

बिमलानं थोडा विचार केला. "अच्छा? हमारे यहाँ तो चादरें बनती हैं।"

दुसऱ्या दिवशी तिच्या मुलानं माझ्यासाठी एक जाड विणीची चादर आणली. हॉस्पिटलच्या चादरीनं पाठीला खाज सुटायची, हिनं थांबली. त्या दुपारी मला बऱ्याच दिवसांनी झोप लागली.

हरप्रीत

घरी आल्यावर कुबड्या आल्या. मितालीला तो शब्द माहीत नव्हता. ती त्यांना "आईच्या बैसाख्या" म्हणायची आणि आम्हीही तेच म्हणायला लागलो. माझ्या सासूबाई साताऱ्याहून येऊन राहिल्या, त्यांच्या गुडघेदुखीसकट. अविनाश ऑफिसला जायच्या आधी मला अंघोळ घालायचा. त्यानं कधी कुरकुर केली नाही. कधीकधी वाटायचं त्यानं करावी, म्हणजे मलाही ओरडता येईल.

गुडघा लाकडासारखा झाला होता. तो वाकवायचं काम हरप्रीतचं. ती फिजिओथेरपिस्ट, माझ्यापेक्षा लहान, हात लोहारासारखे. पहिल्याच दिवशी म्हणाली, "दर्द होगा। गाली देनी हो तो दीजिए। मराठी में दीजिए, मेरी समझ में नहीं आएगी।" मी दिल्या. सासूबाई आतून म्हणाल्या, "अगं, मला समजतात ना!"

गुडघा हळूहळू वाकायला लागला. दोन कुबड्यांची एक झाली. याच सुमाराला ट्रायब्युनलचा निकाल लागला.

निकालातलं एक वाक्य

मोटार अपघाताची भरपाई ठरवायला वेगळं ट्रायब्युनल असतं. तिथं आमचा दावा दोनएक वर्षं चालला. आमचे वकील भाटियासाहेब, केस पांढरे, बोलणं मऊ. त्यांनी सगळी बिलं, एक्स-रे आणि सरकारी डॉक्टरांचा अपंगत्वाचा दाखला लावला होता. टँकर चुकीच्या बाजूनं आला हे सिद्ध झालं. औषधोपचाराचा खर्च मंजूर झाला, यातनांसाठी थोडीशी रक्कम मंजूर झाली. आणि मग निकालात एक वाक्य होतं: अर्जदार महिलेस कंपनीने कार्यालयात बसून करण्याचे काम त्याच पगारावर दिले आहे, पती सरकारी सेवेत आहेत, सबब उत्पन्नाचे कोणतेही नुकसान झालेले नाही.

कंपनीनं मला परत घेतलं होतं, हे खरं. तळमजल्यावर टेबल दिलं होतं. मी सिमेंटची बिलं तपासायचे. माझ्यानंतर लागलेली मुलं वर चढत होती, पुढे मोठ्या प्रोजेक्टवर जात होती, आणि संध्याकाळी माझ्या टेबलापाशी येऊन म्हणायची, "मॅम, वो बिल क्लिअर हो गया?"

"नुकसान नाही," मी अविनाशला म्हटलं. "वाच. काहीच नुकसान झालं नाही म्हणे."

"शुभा, जाऊ दे ना. ऑपरेशनचं कर्ज तर फिटलं. आता पुरे."

"मला पैशांसाठी..."

"माहितीये. म्हणूनच म्हणतोय जाऊ दे. पैशांसाठी असतं तर कुठंतरी थांबली असतीस."

मी थांबले नाही. भाटियासाहेबांनी हायकोर्टात अपील दाखल केलं. त्यावर विमा कंपनीनं उलट अर्ज घातला: दिलेली रक्कमच जास्त आहे, ती कमी करावी, बाई रस्त्याच्या मधोमध चालत होत्या. म्हणजे आता मिळालेलंही जाण्याची भीती.

कोर्ट-कोर्ट

अपिलाचे दिवस कसे जातात, ते सांगते. ते जात नाहीत. तारीख येते, आपण तयार होऊन जातो, बाकावर बसतो. बसून पाय आखडतो म्हणून उठतो, उभं राहून दुखतो म्हणून बसतो, तोवर पुढची तारीख पडलेली असते. घरी आल्यावर मी व्हरांड्यात येरझाऱ्या घालायचे, कुबडी टेकत, या भिंतीपासून त्या भिंतीपर्यंत. हरप्रीतला वाटायचं मी व्यायाम करते आहे. मी मनात उलटतपासणी करत असायचे.

आणखी एक वाईट सवय लागली. कळ आली, की मी ती लक्षात ठेवायला लागले. आज पायरीवर आली, आज पावसाळी हवेत आली, आज भाजी घेताना आली. भाटियासाहेबांना सांगायला हवं. दुखणं हा माझा पुरावा होता आणि मी तो जपत होते. एखादा दिवस पाय हलका वाटला, तर मला आनंद व्हायच्या आधी धास्ती वाटायची.

एका रविवारी जेवताना अविनाशनं ताटातला हात थांबवला. "शुभा, तू घरात नसतेस."

"मी कुठं जाणार? या पायानं?"

"कोर्टात असतेस. आत्तासुद्धा. मी मघापासून मितालीच्या शाळेचं सांगतोय. काय सांगितलं, सांग बरं?"

सासूबाई उठून आत गेल्या.

मग कोर्टानं आदेश दिला, की सरकारी हॉस्पिटलच्या मेडिकल बोर्डानं पायाची नव्यानं तपासणी करावी. जुना दाखला जुना झाला होता. भाटियासाहेबांनी मला बोलावून घेतलं, चहा मागवला आणि कपाकडे बघत म्हणाले, "मॅडम, एक बात कहूँ, बुरा मत मानिए। बोर्ड तक एक्सरसाइज़ ज़रा कम कर दीजिए। और बैसाखी लेकर जाइए।"

"पण आता तर मी घरात तिच्याशिवाय चालते."

"घर में चलिए न। वहाँ लेकर जाइए। झूठ बोलने को नहीं कह रहा। बस, जल्दी मत कीजिए ठीक होने की।"

आधी डॉक्टरांना माझी कामाची घाई नको होती, आता वकिलांना माझी बरं व्हायची घाई नको होती. घरी येताना रिक्षात सगळा वेळ माझा हात गुडघ्यावर होता. बोर्ड महिन्यावर आला होता. पुढच्या वेळी हरप्रीत येणार, तिला काय सांगायचं? ताप आलाय म्हणू? गावाला जातेय म्हणू?

घरी पोचले तर मिताली आणि शेजारच्या मेननांची मुलगी बाहुल्या मांडून खेळत होत्या. एका बाहुलीच्या पायाला रुमाल बांधला होता. मिताली जज्ज झाली होती.

"दुखता है?" तिनं बाहुलीला विचारलं.

मेननांची मुलगी बाहुलीच्या वतीनं म्हणाली, "थोड़ा थोड़ा।"

मिताली वैतागली. "थोड़ा मत बोल! बहुत बोल! थोड़ा बोलेगी तो हार जाएगी।"

मी दारातच उभी होते. तिनं मला पाहिलं आणि सहज विचारलं, "आई, बरोबर ना?"

मी काय उत्तर दिलं आठवत नाही. बहुतेक "हात धुऊन घ्या" म्हटलं असेल. पण हरप्रीत आली तेव्हा मी तिला सगळं सांगितलं, वकिलांचं आणि बाहुलीचंही. तिनं ऐकून घेतलं आणि टॉवेलची गुंडाळी माझ्या गुडघ्याखाली सरकवली.

"केस जीतने के बाद ये घुटना किसके पास रहेगा?" तिनं विचारलं. "वकील साहब के पास?"

त्या महिन्यात आम्ही व्यायाम कमी केला नाही. वाढवला. रागानं वाढवला, असंच म्हणते.

बोर्ड

बोर्डात तीन डॉक्टर होते. बाहेर रांगेत माझ्यासारखे बरेच जण, कुणी हात घेऊन, कुणी पाठ घेऊन. मी कुबडीशिवाय आत गेले. अविनाश बाहेर थांबला.

"मोड़िए," एक डॉक्टर म्हणाले. मी वाकवला. "और?" मी आणखी वाकवला, जिथं हरप्रीतसुद्धा थांबायची तिथपर्यंत. डोळ्यांतून पाणी आलं. त्यांनी मोजलं, लिहिलं.

"काफ़ी मेहनत की है आपने," दुसऱ्या डॉक्टर बाई म्हणाल्या. मनापासून म्हणाल्या. ते ऐकून बरं वाटलं, आणि लगेच भाटियासाहेब आठवले.

अहवाल आला. आधीच्यापेक्षा अपंगत्व बरंच कमी. भाटियासाहेबांनी कागद टेबलावर ठेवला, चष्मा काढला. "ये क्या किया आपने, मॅडम?" ओरडले असते तर बरं झालं असतं.

अविनाशला मी फोनवर सांगितलं. मला वाटलं आता म्हणेल, तरी सांगत होतो. तो म्हणाला, "म्हणजे अधिकृतपणे बरी झालीस." आणि हसायला लागला. मग मलाही हसू फुटलं, त्या पीसीओच्या खोक्यात, बाहेर लोक ताटकळत असताना. हरण्याची भीती होतीच. पण आम्ही दोघं एका बाजूला आलो होतो, बऱ्याच काळानंतर.

सुनावणी

अंतिम सुनावणीला आम्ही दोघंही गेलो. विमा कंपनीचे वकील तरुण, तयारीचे. त्यांनी बोर्डाचा अहवाल वाचला आणि मागे वळून माझ्याकडे हात केला. "अपीलकर्त्या स्वतः इथं बसल्या आहेत. कोणत्याही आधाराशिवाय चालत आल्या आहेत. पगार तोच आहे. मग नुकसान कसलं?"

न्यायाधीश एक बाई होत्या. त्यांनी चष्म्यावरून पाहिलं. "आप ही हैं? खड़ी हो सकती हैं?"

मी उठले.

"एक्सिडेंट से पहले आप क्या काम करती थीं?"

कित्येक वर्षं व्हरांड्यात मी याच उत्तराची तयारी केली होती. त्यातलं एकही वाक्य आठवलं नाही. मी म्हटलं, "मॅडम, छत डलने से पहले मैं ऊपर जाकर देखती थी कि सरिया ठीक बँधा है या नहीं. मेरे कहने पर छत डलती थी."

"और अब?"

"अब नीचे बैठकर सीमेंट के बिल देखती हूँ."

"चल तो लेती हैं आप।"

"ज़मीन पर. बाँस पर नहीं चढ़ सकती. बाँस पर दोनों घुटनों पर भरोसा चाहिए. मैंने बहुत कोशिश की, मॅडम. जितना ठीक हो सकता था, कर लिया. जो बचा है, वो अब ठीक नहीं होगा."

मागून अविनाशनं खोकल्यासारखं केलं. भाटियासाहेब उठले. ट्रायब्युनलसमोर आमच्या कंपनीच्या अधिकाऱ्यानं दिलेली साक्ष त्यांनी वाचून दाखवली: यांना साइटवर पाठवता येत नाही, आणि साइटच्या कामाशिवाय आमच्याकडे इंजिनिअरला बढती मिळत नाही. ती साक्ष पहिल्यापासून तिथंच होती. तिच्याकडे कुणी पाहिलंच नव्हतं, कारण सगळे अपंगत्वाच्या टक्केवारीकडे पाहत होते.

मग भाटियासाहेब एक वाक्य बोलले ते त्यांनी आधी मला सांगितलं नव्हतं. "बोर्डाचा अहवाल कमी आला, कारण माझ्या पक्षकार बाईंनी माझा सल्ला ऐकला नाही. त्या बऱ्या होत राहिल्या. तरीही काय गेलं आहे, ते त्यांनी आत्ता सांगितलं."

न्यायाधीशबाईंनी काहीतरी लिहून घेतलं.

निकाल काही आठवड्यांनी आला. विमा कंपनीचा उलट अर्ज फेटाळला. भरपाई वाढली. आम्ही मागितली तेवढी नाही, पण वाढली. पगार कायम असला तरी ज्या कामासाठी ही व्यक्ती शिकली ते काम तिच्यापासून गेले आहे आणि हे नुकसानच आहे, असं त्यात लिहिलं होतं. पतीच्या नोकरीचा उल्लेख कुठंही नव्हता. मी तो परिच्छेद अविनाशला मोठ्यानं वाचून दाखवला, मग सासूबाईंना मराठीत करून सांगितला. त्या म्हणाल्या, "बाई जज्ज होती म्हणून." असेलही.

नंतर

मला वाटलं होतं निकालानंतर शांत वाटेल. वाटलं नाही. पुढची तारीख नाही, हे अंगवळणी पडेना. सकाळी उठून कुठंतरी पोचायचं आहे असं वाटत राहायचं. त्याच अस्वस्थपणात मी बिलांचं टेबल सोडलं. आम्ही दिल्लीतच द्वारकेला राहायला आलो होतो, तिथं सोसायट्यांच्या नव्या इमारतींना लगेच भेगा पडत होत्या आणि लोक धास्तावले होते. मी त्या भेगा बघून द्यायला लागले, कुठली वरवरची आणि कुठली खोल. त्याला लिफ्ट चालते. बांबूवर चढण्याची सर त्याला नाही, हे खोटं कशाला बोलू?

तुम्ही यातून जात असाल तर वकील जरूर करा, बिलं जपा, अपील करावंसं वाटलं तर करा. कंटाळून सोडू नका. फक्त पायाला त्यात साक्षीला उभं करू नका. त्याला त्याचं काम करू द्या.

मागच्या हिवाळ्यात मेट्रोच्या जिन्यावर मधेच कळ आली, चांगली सणसणीत. कठडा धरून थांबले. माणसं बाजूनं उतरत होती. मनात सवयीनं आलं, जिना, सकाळ, थंडी, आणि मग लक्षात आलं, की हे कुणाला सांगायचं नाहीये. कुणी विचारणार नाही, किती दुखलं. नुसतं दुखत होतं. मी गुडघा चोळला. खाली गाडी आली आणि गेली. मी बसून घेतलं त्या पायरीवर, दोन्ही पाय पुढे सोडून, आणि दुखणं थांबेपर्यंत बसले.